बटरच्या कप्प्यातला नमुना

काचबिंदूचे थेंब आमच्या फ्रिजच्या दारात, वरून दुसऱ्या खणात, लिंबाच्या लोणच्याच्या डावीकडे असतात. तीन वर्षं त्यांनी जागा बदलली नव्हती. पण शनिवारी सुनेनं, म्हणजे मीनलनं, फ्रिज साफ केला, आणि जी वस्तू सापडत होती ती सापडेनाशी करणं यालाच आमच्याकडे साफसफाई म्हणत असल्यामुळे रविवारी सकाळी मी फ्रिजचं दार उघडून नुसताच उभा राहिलो. मे महिन्यात रायपुरात फ्रिजसमोर उभं राहायला कारण लागत नाही. नऊ वाजता कूलर धापा टाकत होता, खिडकीची जाळी हाताला चटका देत होती, आणि आत कोथिंबीर, दही, कालची भेंडी असे सगळे सुखात नांदत होते. थेंब शोधता शोधता मी बटरच्या कप्प्याचं झाकण वर केलं. तिथे माझी जुनी चष्म्याची डबी होती, स्टीलची, झाकणाची स्प्रिंग ढिली झालेली. ती तिथे आहे हे मला माहीत होतं. आत काय आहे हेही माहीत होतं. सतरा वर्षं माहीत होतं, आणि तेवढ्याचसाठी सतरा वर्षांत मी ती एकदाही उघडली नव्हती. त्या दिवशी उघडली. थेंब त्यात असू शकतात, असं मी स्वतःला सांगितलं, आणि ते मी मानलंही, कारण स्वतःला पटवण्यात मी पहिल्यापासून हुशार आहे.

आत कापसाची पातळ गादी होती आणि गादीवर लिपस्टिक. मी प्रेत बघायच्या तयारीनं डबी उघडली होती. म्हणजे घामेजलेली, वाकलेली, उग्र वासाची कांडी. पण नोकरी सुटली तरी बोटांची सवय सुटत नाही. बोटांनी ती उलटी केली, बुडाचं बारीक लेबल उजेडाकडे धरलं, आणि मी खिशातलं भिंग काढलं. रंगाचा क्रमांक, बॅच क्रमांक, उत्पादन जानेवारी २०१९. त्या दिवशी मे २०१९ चालू होता. मी पुन्हा वाचलं. मग झाकण काढून कांडी फिरवून वर केली. गडद, विटेसारखा लाल रंग. नव्या कांडीचं टोक तिरपं, धारदार असतं. हिचं एका बाजूनं झिजून गोल झालं होतं. हुंगून पाहिलं. ताजी होती. मेण, थोडं गुलाब. वस्तू प्रमाणित दर्जाची, मुदतीच्या आतली, योग्य तापमानात ठेवलेली, आणि वापरात असलेली. इतका निर्दोष नमुना नोकरीत माझ्या हाती फार थोड्या वेळा आला, आणि इतका घामही मला नोकरीत कधी फुटला नव्हता. मागे मीनलच्या चपला वाजल्या. मी डबी मिटली, कप्पा मिटला, फ्रिज मिटला. तिनं अंड्यांच्या साच्यातून थेंब काढून माझ्या हातावर ठेवले, आणि मी डाव्या डोळ्याचा थेंब उजव्या डोळ्यात घालून मोकळा झालो.

औषधं आणि सौंदर्यप्रसाधनं तपासणाऱ्या एका सरकारी खात्यात मी बत्तीस वर्षं नोकरी केली. खात्याचं नाव सांगत नाही. पेन्शन अजून चालू आहे. मी नमुने सांभाळायचो. इन्स्पेक्टर दुकानातून माल उचलायचा, त्याचे चार भाग करायचा, प्रत्येक भाग कागदात गुंडाळून दोऱ्यानं बांधून त्यावर लाखेचं सील मारायचा. एक भाग दुकानदाराला, एक प्रयोगशाळेला, एक कंपनीला आणि एक कोर्टासाठी. हा कोर्टाचा भाग माझ्या कपाटात. केस निकाली लागेपर्यंत तो उघडायचा नाही, फेकायचा नाही, कोणाला दाखवायचा नाही. माझ्याकडे एक लिपस्टिक बावीस वर्षं न्यायाची वाट बघत पडून होती. न्याय आला तेव्हा तिचं झाकण निघेना. नवं राज्य झालं तेव्हा आमचं ऑफिस एका भाड्याच्या बंगल्यात आलं आणि नमुन्यांच्या वाट्याला त्या बंगल्याची न्हाणी आली. एसी साहेबांच्या खोलीत. म्हणजे चांगला माल आणून रीतसर सही-शिक्क्यानिशी उकाड्यात ठेवून आम्ही तो बिघडवायचो, आणि मग बिघडल्याबद्दल दुसऱ्यावर केस. मी हे चारचौघांत सांगायचो तेव्हा लोक हसायचे. लोक हसले की मला वाटायचं, माझं काम झालं. माझ्या बऱ्याच गोष्टी तिथेच थांबलेल्या आहेत.

त्या हसवण्यामुळेच इथल्या मराठी मंडळात दरवर्षी फिशपाँड लिहायचं काम माझ्याकडे. ज्यांना ठाऊक नसेल त्यांच्यासाठी सांगतो: स्नेहसंमेलनात एक डबा फिरतो, त्यात सभासद एकमेकांवर चिमटे काढणाऱ्या चिठ्ठ्या टाकतात, नाव न घालता, आणि मग कोणीतरी भरदार आवाजाचा माणूस त्या माइकवर वाचतो. ज्याच्यावर चिठ्ठी त्यानं सगळ्यांच्या आधी हसायचं, असा नियम. आमचे सभासद कोणी रेल्वेतले, कोणी सचिवालयात नुकतेच बदलून आलेले, कोणी भोसल्यांच्या काळापासून इथेच मुरलेले. चिठ्ठ्या टाकायला कोणालाच सुचत नसे, म्हणून तीसपैकी अठ्ठावीस माझ्याच असायच्या, हस्ताक्षर बदलून बदलून. दोन हजार सालच्या नोव्हेंबरात, राज्य होऊन दहा-बारा दिवस झाले असतील, दिवाळीचं स्नेहसंमेलन होतं. गावात तेव्हा एकच विषय. कोण मंत्री झालं, कोणाला कोणता बंगला, कोणाचा मेव्हणा कोणाच्या गाडीत दिसला. काल सायकलवर दिसणारा माणूस आज फाईल घेऊन चालायचा. सुनीती, माझी बायको, त्या दिवशी मैत्रिणीबरोबर, पद्मिनीबरोबर, परस्पर हॉलवर येणार होती. दोघी दुपारीच पंडरीच्या कापडबाजारात साडी घ्यायला गेल्या होत्या. मी दारापाशी चिठ्ठ्यांचा डबा घेऊन उभा होतो आणि ती पायऱ्या चढून आली. मोरपंखी साडी आणि ओठांना लिपस्टिक. विटेसारखी लाल. चव्वेचाळीस वर्षांची होती. लग्नाला एकवीस वर्षं झाली होती आणि तिच्या तोंडावर पावडरीपलीकडे काही मी पाहिलं नव्हतं. तिनं माझ्याकडे पाहिलं. ती काहीतरी ऐकायला थांबली होती, हे मला आता कळतं. तेव्हा मला एवढंच कळलं की मला एक चिठ्ठी सुचली आहे. सुचलं की मला दुसरं काही दिसत नाही. खिशात कोरा कागद नव्हता, जो हाताला लागला त्याच्यावर खांबाआड उभा राहून मी छापल्यासारख्या अक्षरात लिहिलं आणि डब्यात टाकलं. रामकृष्णराव, आमचे तेव्हाचे सेक्रेटरी, आवाज असा की माइकलाही लाज वाटावी, त्यांनी ती विसावी की एकविसावी चिठ्ठी उलगडली आणि वाचली: ‘शपथविधी होऊन गेला. सुनीतीबाईंना कोणीतरी कळवा.’

हशा असा उसळला की खुर्च्या सरकल्याचे आवाज आले. ती नियमाप्रमाणे सगळ्यांच्या आधी हसली. मग रुमाल तोंडाशी नेला, हसू आवरत असल्यासारखा, आणि उठून बाहेर नळाकडे गेली. परत आली तेव्हा ओठ फिके होते, फक्त डाव्या कोपऱ्यात थोडा लाल रंग राहिला होता. तो कोपरा मला अजून दिसतो. काचबिंदूनं बाजूचं दिसणं जातं म्हणतात. तो कोपरा बाजूलाच आहे आणि गेलेला नाही. घरी जाताना स्कूटरवर मागून तिनं विचारलं, कोणाचं अक्षर होतं हो ते. मी म्हटलं, काय माहीत, छापील अक्षर होतं. तिनं थोड्या वेळानं पुन्हा विचारलं. रस्त्यात स्वागताच्या कमानी अजून उभ्या होत्या, एकीवर दिवे लुकलुकत होते, आणि मी पुढे बघत, काही विशेष नसल्यासारखं म्हटलं, ‘पद्मिनीचं वाटलं मले.’ मग पद्मिनीचं आमच्याकडे येणं थांबलं. सुनीती तिचं नाव घेईना. पद्मिनी पुरानी बस्तीत राहायची, तिच्या घरच्या हळदीकुंकवाला सुनीतीचे नेमके पाय दुखायचे. मी एका चिठ्ठीत दोन कामं केली होती. बायकोचा रंग पुसला होता आणि तिची मैत्रीण. सांगून टाकायचं असं मी बऱ्याचदा ठरवलं, दरवेळी काहीतरी विनोदी सुचायचं आणि सांगणं राहून जायचं. बाकी संसार चालला. मुलगा मोठा झाला, नव्या रायपूरच्या त्या रुंद, रिकाम्या रस्त्यांवरच्या एका ऑफिसात लागला. पण ती माझ्यासमोर पुन्हा एकदा तशी उभी राहावी, आणि मी काहीतरी धडकं बोलावं, एवढं एक माझ्या मनात होतं, आणि ते मी मागू शकत नव्हतो, कारण मागायचं तर आधी दुसरं काही कबूल करावं लागलं असतं.

पुढच्या मे महिन्यात लिपस्टिक फ्रिजमध्ये दिसली. बटरच्या कप्प्यात, उघडीच. मी कप्प्याचं झाकण लावून टाकलं. वर्षभरानं ती माझ्या जुन्या चष्म्याच्या डबीत गेली. मग फ्रिज तीन बदलले, प्रत्येक वेळी डबी जुन्यातून नव्यात गेली, आणि मला वाटत राहिलं की ही तीच कांडी आहे, तिनं माझा गुन्हा थंडीत जपून ठेवला आहे. लिपस्टिक न उघडता तीन वर्षं टिकते, उघडल्यावर वर्ष, फार तर दोन. हे मला इतरांपेक्षा जास्त माहीत. त्याच सुमारास खात्यानं दुकानदारांसाठी एक पत्रक काढायचं ठरवलं होतं आणि ते लिहायचं काम माझ्यावर आलं. सरकारी भाषेत लिपस्टिक म्हणता येत नाही म्हणून तिथे ‘ओष्ठरंजक’ असा शब्द होता. ओष्ठरंजक उन्हात, गाडीच्या कप्प्यात, शेगडीजवळ ठेवू नये. झाकण घट्ट लावावे. एकीचे ओष्ठरंजक दुसरीने वापरू नये. पृष्ठभागावर तेलाचे थेंब आले, वास बदलला, रंग फाटला तर टाकून द्यावे. ओठांवर फोड आले असताना वापरलेले पुन्हा वापरू नये. मी मसुदा जेवताना मोठ्यानं वाचला. सुनीती वरणाला फोडणी देत होती. तिनं पाठमोरीच विचारलं, फ्रिजमधून काढल्यावर लगेच लावायचं का. मी म्हटलं, हे कोणालाच सुचलं नव्हतं. थंड कांडीवर दव धरतं, दहा मिनिटं कापडात ठेवून मग लावावं. ते मी सातवं कलम म्हणून घातलं आणि साहेबांनी त्याचं कौतुक केलं. पाच हजार प्रती छापल्या. चार हजार नऊशे आमच्या टेबलाच्या आखूड पायाखाली होत्या. प्रश्न विचारणाऱ्या बाईच्या प्रश्नाकडे मात्र माझं लक्ष गेलं नाही. उत्तर मला येत होतं, म्हणून.

आता रविवारची दुपार मी कूलरसमोर पडून जुनी वर्षं उलटी तपासत बसलो. आमच्या कामवालीला, गोदावरीला, मी कितीदा रागावलो होतो. कपाच्या कडेला फिकट लाल चंद्रकोर राहते, नीट घासत नाहीस. ती मान खाली घालून कप पुन्हा घासायची. कोणत्या दिवशी? आठवायला वेळ लागला, पण आठवलं, बुधवारी. नेहमी बुधवारी. सुनीती मंगळवारी दुपारी भजनाला जाते, पुरानी बस्तीतल्या देवळात, साडेपाचला येते, चहा करते. परत आल्यावर तिच्या ओठांना खोबरेल तेलाचा मंद वास असतो. मी समजायचो देवळातला आहे. तिच्या पिशवीत कापसाचा पुडा असतो. मी समजायचो वातींचा आहे. दर मंगळवारी माझ्यासमोर बसून चहा पिणारी बाई तासाभरापूर्वी रंगलेल्या ओठांची होती, आणि मी तिला गावातल्या उड्डाणपुलावर माझं मत सांगत होतो. ती आहे तिथे मी नव्हतो. म्हणजे कुठे? या वयात माणसाला हेवा कशाचा वाटावा याचे काही नियम नसतात, हे मला कूलरच्या आवाजात कळलं. मला त्या जागेचा हेवा वाटत होता, जिथे ती लावून बसत असेल आणि कोणी काही म्हणत नसेल.

सोमवारी मी मीनलला विचारलं. ती मराठी सगळं समजते आणि उत्तर हिंदीत देते. मी ज्या भाषेत चिडतो तीही तिला समजते. मी शक्य तितक्या तटस्थपणे म्हटलं, आईच्या त्या डबीत एक वस्तू आहे, ती कोणी आणून दिली. तिनं लॅपटॉपवरून मान वर केली नाही. ‘मैं ही मंगाती हूँ बाबा. हर साल फरवरी में. पहले वो खुद गोल बाजार से लाती थीं.’ मग मात्र तिनं माझ्याकडे पाहिलं. ‘आपको सच में नहीं पता था? गोदावरी को भी पता है.’ मी विचारलं, देवळात लावून बसते का. ती हसू दाबत म्हणाली, कहाँ का मंदिर, आई तो पद्मिनी मावशी के घर जाती हैं, शादी होके आई हूँ तब से देख रही हूँ. मी म्हटलं, पद्मिनीशी तर तिचं बोलणं बंद आहे. तिनं माझ्याकडे असं पाहिलं, जसं आम्ही मुदत संपलेल्या मालाकडे बघायचो: दया असते, पण नोंद करावीच लागते.

मंगळवारी मी झोपल्याचं सोंग घेऊन पडून राहिलो. दोन वाजता फ्रिजचं दार उघडल्याचा तो चिकट आवाज आला. डबीची स्प्रिंग. मग काहीच नाही. मी डोळ्यांच्या फटीतून पाहिलं. तिनं लिपस्टिक मऊ रुमालात गुंडाळून टेबलावर ठेवली होती आणि शेजारच्या खुर्चीवर हात मांडीवर ठेवून घड्याळाकडे बघत बसली होती. दहा मिनिटं. सातवं कलम. साऱ्या राज्यात ते पत्रक कोणी पाळलं असेल तर या बाईनं, माझ्यापासून लपवून. मग तिनं रुमाल पिशवीत टाकला आणि डोक्यावर पदर घेऊन बाहेर पडली. रिक्षाचा आवाज दूर गेल्यावर मी उठलो. डबी कप्प्यात परत ठेवलेली होती. चोरासारखा नाही, इन्स्पेक्टरसारखा मी ती उघडली. दोघांत फरक ओळखपत्राचा असतो आणि माझं जमा झालेलं होतं. कापसाची गादी उचलली. खाली एक घडी घातलेला कागद होता. पिवळा पडलेला, एका कोपऱ्याला भोक, त्यातून दोऱ्याचा तुकडा. आमच्या खात्याचं नमुना-लेबल. छापील ओळी: नमुना क्रमांक, घेतल्याची तारीख, कोणासमोर घेतला, सही. सगळ्या रिकाम्या. मागच्या बाजूला माझं छापल्यासारखं अक्षर. शपथविधी होऊन गेला. सुनीतीबाईंना कोणीतरी कळवा. मी हस्ताक्षर बदललं होतं. कागद बदलायचं मला सुचलं नव्हतं.

मी ते लेबल टेबलावर ठेवलं आणि ती बसली होती त्याच खुर्चीवर बसलो. साडेपाचला ती आली. लेबल तिला दारातूनच दिसलं असणार, पण तिनं आधी हातपाय धुतले, चहा टाकला, दोन कप आणून ठेवले. खोबरेल तेलाचा वास आला. मला तीन वाक्यं सुचली होती, तिन्ही चांगली होती, एकावर तर ती नक्की हसली असती. मी म्हटलं, ‘ती चिठ्ठी मी लिहिली होती.’

‘मले माहीत आहे.’

मी विचारलं, कधीपासून. ती म्हणाली, स्कूटरवर बसायच्या आधीपासून; डबा रिकामा करताना पद्मिनीनं लेबल ओळखलं, माझ्या खिशात असली लेबलं नेहमी असायची, आणि तिनं ते आणून हिच्या हातात दिलं. स्कूटरवर मागे बसली तेव्हा लेबल तिच्या पर्समध्ये होतं. माझ्या पाठीपासून वीतभर.

‘मंग मले विचारलं काहून?’

‘तुम्ही सांगता का ते पाहून राहिली होती.’ तिनं बशीत चहा ओतला, कपात परत ओतला. ‘चिठ्ठीचं मले काही नाही. चार लोक हसले, मीही हसली. तुमचं तोंड तसंच आहे, मी ते पाहूनच लग्न केलं. पण पद्मिनी त्या दिवसापासून या घरात आली नाही. तिचं नाव काहून घेतलं तुम्ही?’

बाहेर कोणीतरी अंगणात पाणी मारत होतं, तापलेल्या मातीचा वास खिडकीतून आला. मी आत शोधलं. तिथे नेहमी काहीतरी असतं, तयार, धार लावलेलं. त्या वेळी काही नव्हतं. ‘भ्यालो होतो,’ मी म्हटलं.

‘हव,’ ती म्हणाली. मग आम्ही चहा संपवला. मी म्हटलं, आता माझ्यासमोर लावशील का कधी. तिनं लेबलाची घडी घातली, जुन्या घडीवरच. ‘ते मले नका विचारू. आधी पद्मिनीले सांगा.’

पुढच्या मंगळवारी आम्ही रिक्षात शेजारी बसून पुरानी बस्तीत गेलो. आठ दिवस मी वाक्य तयार करत होतो आणि आठही दिवस ते लहान होत गेलं. पद्मिनीच्या घरात वाळ्याच्या पडद्यामागे अंधारी, ओलसर थंडी होती. चारजणी होत्या. पद्मिनी, शेजारच्या दोघी, आणि ब्याऐंशी वर्षांच्या शांताबाई, ज्यांच्या ओठांवर रंग थोडा वर गेला होता. सगळ्यांच्या हातात चहा, सगळ्यांचे ओठ लाल, तांबडे, जांभळट. भजनाची पुस्तकंही होती. मी समजतो तेवढं सगळं खोटं नव्हतं. मी आलो तसा आवाज थांबला. कोणीही तोंडाशी रुमाल नेला नाही. माझ्या जिभेवर एक वाक्य आलं, मंत्रिमंडळाचं, पूर्ण, नेटकं, आणि मी ते गिळलं. गिळताना अशी वाक्यं किती मोठी असतात हे मला पहिल्यांदा कळलं. नजर चुकवायला मी इकडेतिकडे पाहिलं, तर कपाटाच्या दारावर चिकटपट्टीनं लावलेलं आमचं पत्रक. ओष्ठरंजक. पाच हजारांतली, बहुधा सगळ्या राज्यातली, भिंतीवर चढलेली एकमेव प्रत. चौथ्या आणि सातव्या कलमाखाली लाल रेघ, कशानं मारली होती ते सांगायला नको.

मी पद्मिनीला म्हटलं, ‘वहिनी, ती चिठ्ठी माझी होती आणि सुनीतीला मी तुमचं नाव सांगितलं. खोटं सांगितलं.’

पद्मिनीनं चहा संपवला. ‘भाऊजी, नोव्हेंबर दोन हजार ते मे एकोणीस,’ ती म्हणाली. ‘तुमच्या खात्याच्या मानानं लवकरच झालं म्हणा ना.’ शेजारणी हसल्या. नियम मला माहीत होता. मी सगळ्यांच्या आधी हसायला हवं होतं, पण मागे पडलो. शांताबाईंना नीट ऐकू आलं नव्हतं. त्यांनी विचारलं, काय म्हणून राहिले हे. पद्मिनी त्यांच्या कानाशी वाकून म्हणाली, ‘काही नाही काकू. यांना आता कोणीतरी कळवलं.’

मग ती सुनीतीला म्हणाली, लाव गं, झाली दहा मिनिटं. सुनीतीनं रुमाल उलगडला. आरसा हातात धरला नाही, कपाटाच्या काचेतही पाहिलं नाही. खालचा ओठ, वरचा ओठ, मग दोन्ही एकमेकांवर दाबले. त्रेसष्ट वर्षांची आहे ती आता. ओठ बारीक झाले आहेत, कडेनं सुरकुत्या आहेत, रंग त्यांत थोडा उतरतो. तिनं झाकण लावलं, घट्ट, आणि माझ्याकडे पाहिलं. पायरीवर थांबली होती तशी. मी काहीतरी धडकं बोलणार होतो, साडेअठरा वर्षं त्याची तयारी होती. मी म्हटलं, ‘चांगली दिसते.’ एवढंच आलं. तिनं मान हलवली आणि भजनाचं पुस्तक उघडलं.

निघताना पद्मिनीनं कापूस आणि तेलाची बाटली पुढे केली. सुनीतीनं बाटली परत फडताळात ठेवली. रिक्षात ऊन समोरून येत होतं, ती पदर न घेता बसली होती, सिग्नलला शेजारच्या स्कूटरवरच्या पोराटोरांनी पाहिलंही असेल. मी पुढे बघत होतो, पण या वेळी काही विशेष नसल्यासारखं नाही. घरी तिनं चहा केला आणि माझ्यासमोर बसून प्यायली, आणि मी उड्डाणपुलाबद्दल काही बोललो नाही. लेबलाचं ती काय करते ते मी विचारलं नाही. फ्रिजमध्ये दुसऱ्या दिवशी लिपस्टिक थेंबांच्या शेजारी उभी होती, उघडी. डबी दिसली नाही.

बुधवारी सकाळी गोदावरी भांडी घासायला बसली. मी पेपर घेऊन मागच्या दारात होतो. तिनं एक कप उचलला, उजेडाकडे धरला, आणि माझ्याकडे बघून थांबली. कडेला लाल चंद्रकोर होती, या वेळी फिकट नाही, गडद, ओठांच्या सुरकुत्यांसकट उमटलेली. ‘बाबूजी,’ ती सावधपणे तिच्या बोलीत म्हणाली, ‘ये हर मोर गलती नोहय.’

‘मले माहीत आहे,’ मी म्हटलं.